दर माघात काळकोंडीला पाझर का फुटतो, आणि तो कसा थांबवावा

ज्या वाड्यांच्या बळदात, म्हणजे जमिनीखालच्या धान्याच्या कोठारात, काळकोंडी, म्हणजे अडकून पडलेला काळ कोंडून ठेवणारे यंत्र, बसवलेली आहे, त्या घरांतून माझ्याकडे येणारी तक्रार बहुधा एकच असते. यंत्राला वर्षभर थोडाफार पाझर असतो, माघात तो असह्य होतो आणि दिवाळीच्या सुमारास कोणी काहीही न करता आपोआप थांबतो. मग घरातले निर्धास्त होतात आणि पुढच्या माघात पुन्हा तेच सुरू होते. मधल्या काळात तांबटाकडून वाटी बदलून झालेली असते, बळदाच्या झाकणाला नवी शिसवी चौकट बसलेली असते, एखाद्या घरी उदकशांतही उरकलेली असते. यांपैकी कशानेही पाझर थांबत नाही, कारण बिघाड यंत्रात नसतोच. इंदुरातील आमच्या स्वतःच्या वाड्यात हा घोळ तीन पिढ्या चालला होता. तो निस्तरताना मी केलेल्या चुकांसह सगळे पुढे लिहीत आहे.

काळकोंडीची रचना ज्यांना ठाऊक आहे त्यांनी हा परिच्छेद सोडून द्यावा. बळदाच्या तळाशी भोवरा असतो, म्हणजे काळाचा असा तुकडा जो पुढे सरकण्याऐवजी स्वतःभोवती फिरत राहिला आहे. त्याच्या माथ्यावर तांब्याचे घंगाळ, घंगाळातल्या पाण्यावर तळाला छिद्र असलेली घटिकेची वाटी आणि घंगाळाच्या काठावर साठ खाचांचे कडे, एवढाच सरंजाम असतो. वाटी भरून बुडाली आणि तळावर तिचा ठोका वाजला की एक घटिका, म्हणजे २४ मिनिटे, झाली. वाटी उचलून पुन्हा पाण्यावर सोडायची आणि कडे एक खाच पुढे घ्यायचे. पूर्वी यासाठी रात्रंदिवस पगारी माणूस बसे, आता बहुतेक घरांत ठोक्यासरशी वाटी उचलणारी छोटी मोटर आहे आणि तिच्याबद्दल माझी तक्रार नाही. प्रत्येक खाचेला भोवऱ्याचे तोंड बंद होते. मात्र भोवरा चालतो तो सूर्याच्या गतीने, आणि तो ज्या गावी अडकला त्याच गावच्या सूर्योदयापासून किंवा मध्यान्हापासून त्याच्या घटिका सुरू होतात. कडे आणि भोवरा यांच्यात अर्ध्या घटिकेचे, म्हणजे १२ मिनिटांचे, अंतर पडले तरी कोंडी सोसते. त्यापुढे पाझर सुरू होतो आणि अंतर वाढेल तसा तो वाढतो.

पाझर दोन प्रकारचा असतो, आणि तो कोणता हे ओळखले की निम्मे निदान झाले असे समजावे. कडे भोवऱ्याच्या पुढे धावत असेल तर जे अजून व्हायचे आहे ते आधीच बाहेर गळते. याला आमच्याकडे आगाऊ पाझर म्हणतात. कडे मागे रेंगाळत असेल तर होऊन गेलेले पुन्हा होते. तो शिळा पाझर.

आमच्या घरी आगाऊ पाझर होता. एका माघातल्या सकाळी काकू देवघरातून म्हणाल्या, "अरे, तीन शिट्ट्या झाल्या, गॅस बंद कर." मी स्वयंपाकघरात गेलो तर कुकर ओट्यावर रिकामा होता, शिट्टी झाकणाशेजारी काढून ठेवलेली होती आणि डाळ अजून रोळीत निथळत होती. कुकर चढवलेलाच नाही, असे सांगितल्यावर त्या घाबरल्या वगैरे नाहीत. "मग चढव, आणि आता शिट्ट्यांची वाट बघत बसू नकोस, त्या होऊन गेल्या," एवढेच म्हणाल्या आणि माळ पुढे ओढू लागल्या. इथवर गंमत होती. त्याच आठवड्यात माझ्या पुतण्याच्या मनगटावर, तो ओसरीवर गृहपाठ करीत बसला असताना, भाजल्याचा टपोरा फोड आला. आम्ही मलम लावले, त्याला चुलीपाशी, गॅसपाशी फिरकू दिले नाही, आणि पाहुण्यांसाठी ओसरीवर आणलेला चहाचा पेला त्याच्या नेमक्या त्याच मनगटावर कलंडला. फोड दिसल्यापासून चहा सांडेपर्यंत चाळीस मिनिटे गेली होती. हा आकडा मी त्याच संध्याकाळी वहीत टिपून ठेवला, पण त्याचा अर्थ मला दोन वर्षांनी कळला. "थोडा पाझर चालायचाच" हे वाक्य मात्र त्या दिवसापासून मी घरात कोणाला उच्चारू दिलेले नाही.

पहिला संशय वाटीवर जातो, आणि तो तपासून बाजूला सारणे आवश्यक आहे. वाटी घंगाळात सोडून ती बुडेपर्यंतचा वेळ मोबाइलच्या स्टॉपवॉचवर पाच वेळा मोजावा. (मोबाइलचे स्टॉपवॉच अगदी विश्वासार्ह आहे, मोबाइलवरचे घड्याळ हा पुढचा विषय आहे.) पाचही वेळा २४ मिनिटांच्या आसपास काही सेकंदांत आकडा येत असेल तर वाटी निर्दोष आहे. वेळ जास्त लागत असेल तर बहुधा छिद्राच्या कडेला क्षार साचलेले असतात. इंदुरात नर्मदेचे पाणी १९७८ मध्ये आले, पण कित्येक वाड्यांत घंगाळ अजूनही बोअरच्या जड पाण्याने भरले जाते, आणि उन्हाळ्यात त्या पाण्याचा पांढरा थर वाटीच्या बुडाशी बोटाला लागतो. जुन्या सिद्धान्तग्रंथांत अहोरात्रात साठ वेळा बुडणाऱ्या तांब्याच्या वाटीचे वर्णन करताना पाणी स्वच्छ असावे असे मुद्दाम सांगितले आहे, ते उगाच नव्हे. थर चिंचेच्या कोळात भिजवून सुटतो. छिद्रात दाभण किंवा सुई घालून खरवडण्याचा मोह मात्र कटाक्षाने टाळावा, कारण छिद्राचा व्यास एक दशांशाने जरी वाढला तरी चोवीस मिनिटांची घटिका विसाच्या आसपास येऊन ठेपते आणि मग डाख देऊन छिद्र नव्याने पाडण्यावाचून गत्यंतर उरत नाही. मी हे स्वतः केलेले आहे. थंडीत पाणी सावकाश वाहते आणि बारीक छिद्रातून वाटी भरायला जास्त वेळ घेते, हेही खरे आहे. परंतु घंगाळ बळदातच असेल तर तिथले तापमान वर्षभर फारसे हलत नाही आणि हा दोष नगण्य राहतो. ज्यांनी सोयीसाठी घंगाळ चौकात आणून ठेवले आहे त्यांनी ते आजच परत खाली न्यावे.

वाटीचा दोष आणि आपला माघातला दोष वेगळे ओळखण्याची खूण सोपी आहे. वाटी बिघडली असेल तर प्रत्येक घटिकेमागे चूक साचत जाते, त्यामुळे सकाळी बरे असलेले यंत्र रात्रीपर्यंत पाझरू लागते आणि हे कोणत्याही महिन्यात होते. चूक दिवसभर सारखीच राहते आणि ऋतूप्रमाणे मात्र कमीजास्त होते असे दिसले, तर वाटी ठीक आहे आणि कडे चुकीच्या क्षणी सुरू केले जात आहे. काही जण याचे खापर प्रमाणवेळेत अधूनमधून घातल्या जाणाऱ्या लीप सेकंदावर फोडतात. शेवटचा असा सेकंद १ जानेवारी २०१७ रोजी पहाटे साडेपाचला घातला गेला. एक सेकंद म्हणजे अडीच विपळे (घटिकेची साठ पळे, पळाची साठ विपळे), आणि अडीच विपळांनी काळकोंडीला घामही फुटत नाही.

आता वहीविषयी. आमच्या वडिलांनी पाझराच्या तारखा आणि त्याचे प्रमाण अनेक वर्षे लिहून ठेवले होते, आणि मी ते पुढे चालवले. फोडाच्या प्रसंगानंतर मी त्या सगळ्या नोंदी महिन्यांप्रमाणे एका मोठ्या कागदावर मांडल्या, तेव्हा माघाची आणि दिवाळीची गोष्ट अर्धीच आहे असे दिसले. फेब्रुवारीच्या मध्याला पाझर सर्वांत जास्त होता, पुढे तो उतरत मेच्या मध्याला बराच कमी होत होता, मग जुलैअखेर पुन्हा चढत होता, आणि ऑक्टोबरच्या तिसऱ्या आठवड्यापासून नोव्हेंबरच्या तिसऱ्या आठवड्यापर्यंत तो पूर्ण थांबत होता. घरात याचे श्रेय आकाशकंदिलाला आणि काकडआरतीला दिले जाई. पण मेमधला उतार आणि जुलैमधला चढ कोणत्याही सणाला जुळेना.

उलगडा झाला तो अपघाताने. फेब्रुवारीच्या ११ तारखेला, बारा वाजता कडे लावून झाल्यावर, मी चौकात तुळशीवृंदावनापाशी उन्हाला बसलो होतो. चौकाच्या फरशीत वृंदावनापासून थेट उत्तरेकडे एक खोल रेघ कोरलेली आहे. पूर्वी कधीतरी पन्हाळीचे पाणी वाहून नेण्यासाठी ती काढली असावी, अशी आमची समजूत होती. वृंदावनाच्या मधोमध उभ्या असलेल्या जुन्या लोखंडी गजाची सावली त्या रेघेच्या डावीकडे, बरीच पश्चिमेला, पडलेली होती आणि मुंगीच्या गतीने रेघेकडे सरकत होती. सावली रेघेवर अचूक आली तेव्हा मी मोबाइल पाहिला. १२ वाजून ४१ मिनिटे झाली होती. फोड आणि चहा यांच्यामधली चाळीस मिनिटे मला त्या क्षणी आठवली.

ती रेघ मध्यान्हरेषा होती, आणि आमच्या पूर्वजांनी काळकोंडी लावली ती तिच्यावरच. आपण ज्या वेळेने चालतो ती भारतीय प्रमाणवेळ साडेब्याऐंशी अंश पूर्व रेखांशावरची आहे, आणि ती ब्रिटिश हिंदुस्थानात लागू झाली १ जानेवारी १९०६ पासून. आमच्या इथले घंटाघर, म्हणजे आजचा गांधी हॉल, १९०४ चे, तिच्याहूनही थोडे थोरले. इंदूर सुमारे ७५.८६ अंशांवर आहे. एका अंशाला चार मिनिटे या हिशेबाने आपला सूर्य प्रमाणवेळेच्या साडेसव्वीस मिनिटे मागे आहे. जुन्या मापात सांगायचे तर एक घटिका आणि सहा पळे. भोवऱ्याला प्रमाणवेळेचा गंध नाही. घरात भिंतीवरचे घड्याळ आले, मग रेडिओ आला, मग मोबाइल आला, आणि प्रत्येक पिढीने कडे अधिकाधिक "अचूक" बारा वाजता लावले. जितके अचूक बारा, तितके कडे भोवऱ्याच्या पुढे.

एवढ्याने वर्षभर सारखा पाझर असायला हवा होता. तो कमीजास्त होतो, कारण खरा सूर्यही घड्याळासारखा एकसारखा चालत नाही. पृथ्वीची कक्षा लंबवर्तुळाकार आहे आणि तिचा आस कललेला आहे, या दोहोंमुळे सूर्य फेब्रुवारीच्या मध्याला सरासरीच्या सुमारे १४ मिनिटे मागे पडतो आणि नोव्हेंबरच्या आरंभी सुमारे १६ मिनिटे पुढे जातो. मध्ये मे महिन्यात थोडा पुढे आणि जुलैअखेर थोडा मागे, असा हेलकावा असतो. त्यामुळे इंदुरात खरी मध्यान्ह फेब्रुवारीच्या मध्याला १२ वाजून ४१ मिनिटांनी, मध्य एप्रिलला १२:२७ ला, मध्य मेमध्ये १२:२३ ला, जुलैअखेर १२:३३ ला, सप्टेंबरच्या पहिल्या तारखेस पुन्हा १२:२७ ला आणि नोव्हेंबरच्या आरंभी १२:१० ला होते. या दहा मिनिटांची चूक अर्ध्या घटिकेच्या आत बसते, म्हणून कार्तिकात कोंडी सोसते. आकाशकंदील अवश्य लावावा, पण त्याचा याच्याशी संबंध नाही.

ग्वाल्हेर आणि बडोदे इथल्या वाड्यांना हाच हिशेब आपापल्या रेखांशाने करावा लागेल. ग्वाल्हेरचा सूर्य प्रमाणवेळेच्या सुमारे १७ मिनिटेच मागे असल्याने तिथली कोंडी सप्टेंबरच्या उत्तरार्धापासून डिसेंबरच्या मध्यापर्यंत गुपचूप बसते, आणि तिथली मंडळी आमच्या तक्रारींना हसतात. बडोद्याला हे अंतर ३७ मिनिटांचे आहे. तिथे मोबाइलवर लावलेली कोंडी दिवाळीतही थांबत नाही, आणि बडोदेकरांना "दिवाळीपर्यंत थांबा" असा सल्ला देणाऱ्यांनी तो देणे बंद करावे. उज्जैनच्या वेधशाळेतील सम्राट यंत्रावर वाचलेली सूर्यवेळ इंदूरला खुशाल वापरता येते; फरक एका पळाहूनही कमी आहे.

आता अशी घरे, जी मोबाइलला हात लावत नाहीत आणि कडे सूर्योदयाला, पंचांगात पाहून लावतात. रामबागेत आमच्या आत्याकडे असेच आहे, आणि ती मला वर्षानुवर्षे सांगत आली की शास्त्राप्रमाणे लावले म्हणून तिची कोंडी थंडीत कधीच पाझरली नाही. तिच्याकडे पाझर फुटायचा गुढीपाडव्याच्या आसपास आणि थांबायचा घटस्थापनेच्या सुमारास, आणि तो शिळा पाझर होता: भर जूनमध्ये दारावरची कडी वाजायची, दूधवाला दूध देऊन जायचा, आणि एकोणीस मिनिटांनी तीच कडी पुन्हा वाजायची. दुसऱ्यांदा दार उघडायचे नाही एवढे घरात सर्वांना माहीत होते. पाहुण्यांना ते सांगायला एकदा विसरले, त्याबद्दल आत्या बोलत नाही. मी तिचे पंचांग उघडून पाहिले तर त्यातला सूर्योदय मुंबईचा होता. इंदूर मुंबईच्या तीन अंश पूर्वेला आहे, म्हणजे सूर्य इथे १२ मिनिटे आधी उगवायला हवा. शिवाय आपण उत्तरेला असल्याने उन्हाळ्यात ही आघाडी वाढून जूनअखेर १९ मिनिटांवर जाते आणि डिसेंबरात घटून चार-पाच मिनिटांवर येते. थंडीत कोंडी टिकत होती ती शास्त्रामुळे नव्हे, एवढे मी आत्याला अजून स्पष्ट शब्दांत सांगितलेले नाही. तिच्यासाठी इंदूरच्या सूर्योदयाचे पंचांग आणून ठेवले आहे, आणि ती ते वापरते.

थोडक्यात निदान असे करावे: आगाऊ पाझर, माघात जोर आणि कार्तिकात उतार असेल तर कडे घड्याळाच्या बाराला लावले जात आहे; शिळा पाझर, उन्हाळ्यात जोर आणि थंडीत उतार असेल तर परगावचा सूर्योदय वापरला जात आहे. एकाच घरात दोन्ही दिसत असतील तर दोन माणसे दोन रीतींनी कडे लावत आहेत, आणि त्यांची आधी गाठ घालून द्यावी.

दुरुस्ती करताना कडे एकदम मागे फिरवू नये. एका घटिकेला एक पळ, म्हणजे २४ सेकंद, एवढाच फरक भोवरा मुकाट्याने घेतो, आणि तो देण्याची रीत अशी की वाटी बुडाल्यावर ती उचलण्याआधी एक पळ थांबायचे. उचलणीची मोटर हे करू शकत नाही, माणूसच हवा. फेब्रुवारीत दुरुस्ती करायची तर सुमारे १०२ पळे मागे जावे लागते, म्हणजे १०२ घटिका, जवळजवळ एक्केचाळीस तास कोणीतरी घंगाळापाशी जागे पाहिजे, तेही पाझर ऐन जोरात असताना. हेच काम नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात केले तर पंचवीस घटिकांत, दहा तासांत, एका रात्रीत उरकते. म्हणून माझा आग्रह आहे की दुरुस्ती कार्तिकात करावी, जेव्हा काहीच बिघडलेले दिसत नाही आणि घरातले सगळे "कशाला हात लावतोस" असे म्हणत असतात. आम्ही तिघांनी पाळ्या लावल्या होत्या. त्या रात्री मधूनच एखादा ठोका दोनदा ऐकू येतो. दुसरा मोजू नये, आणि तो कोणाचा, हे पाहायला झाकण उचलू नये. शिळ्या पाझरात हेच उलट करायचे: वाटी बुडण्याच्या एक पळ आधी हाताने बुडवायची.

एकदा कडे जुळले की पुढे रोज ते खऱ्या मध्यान्हीला तपासून घ्यावे. सूर्याची मध्यान्ह एका दिवसात फार तर अर्ध्या मिनिटाने हलते, म्हणजे रोजचे काम सव्वा पळाचे. ज्यांच्या चौकात जुनी रेघ नाही किंवा जी होती ती टाइल्सखाली गेली आहे, त्यांनी नवी आखावी. सपाट जागी ओळंबा धरून एक सरळ काठी उभी रोवावी, तिच्या बुडाभोवती एक वर्तुळ काढावे, सकाळी सावलीचे टोक वर्तुळाच्या आत शिरते आणि दुपारी बाहेर पडते त्या दोन जागी खुणा कराव्यात. त्या खुणा जोडणारी रेघ पूर्व-पश्चिम आणि तिला काठीच्या बुडातून काढलेला लंब ही आपली मध्यान्हरेषा. हे काम डिसेंबर-जानेवारीत करावे, तेव्हा सावल्या लांब असतात. इंदूर कर्कवृत्ताच्या किंचित दक्षिणेला असल्याने जूनच्या पहिल्या आठवड्यापासून जुलैच्या पहिल्या आठवड्यापर्यंत मध्यान्हीची सावली जवळजवळ नाहीशी होते आणि हातभर काठीची सावली बोटाच्या जाडीचीही भरत नाही. त्या दिवसांत आणि पुढे पावसाळ्यात ढग असताना वर दिलेल्या वेळांवरून मधल्या दिवसांचा अंदाज बांधून चालवावे. अर्ध्या घटिकेची सोय त्यासाठीच आहे, मात्र ती रोज खर्चू नये.

आमची दुरुस्ती गेल्या कार्तिकात झाली. या फेब्रुवारीच्या ११ तारखेला मी मुद्दाम स्वयंपाकघरात उभा राहिलो. काकूंनी डाळ धुतली, कुकर चढवला, आणि शिट्ट्या त्यानंतरच झाल्या. तीन झाल्या तरी काकू उठेनात, तेव्हा मी गॅसकडे हात नेला. "थांब," त्या म्हणाल्या, "या कधीच्या आहेत ते आधी बघू." पाचव्या शिट्टीला गॅस बंद झाला आणि त्या दिवशी वरणाला घोटणी लावावी लागली नाही.